पाणी आले, आता जमीन सांभाळा!

गेल्या पंधरवड्यात भांडूपच्या डोंगरावरील वस्तीत राहणारे आमचे एक वाचक कचेरीत येऊन बसले. घराणे लोहाराचे, बापाने गावी ऐरणीवर फाळ शेवटले, मुलाने येथे येऊन लोखंडी खिडक्या व जिने जोडण्याचे दुकान घातले. खानापूर तालुक्यात त्यांच्या वाट्याची साडेचार एकर माळजमीन आहे. वडील हयात असेतोवर त्या माळावर चार वर्षांतून एखादे वर्ष बाजरी हाती लागे. एरवी बियाण्याचे पैसेही फिटत नसत. त्या जमिनीस काल-परवापर्यंत कोणी विचारीत नव्हते. आता मात्र ओढ्यास टेंभूचे पाणी येऊ लागले आणि एक सद्गृहस्थ मोटारीतून थेट भांडूपला येऊन उतरले. त्यांनी चहा घेतला, मुलांच्या शिक्षणाची चौकशी केली, आणि पिशवीतून इसाराची रक्कम काढून पुढे ठेविली. "तुम्ही येथे, जमीन तेथे, कोण कसणार? भाऊबंद बांध कोरून खातील. त्यापेक्षा रोकड घ्या आणि येथे खोली घ्या," असा त्यांचा उपदेश. आमच्या वाचकांनी रकमेस हात लावला नाही. पण मन डळमळले, म्हणून ते आम्हांस विचारावयास आले की, "मालक, काय करावे?"

हा प्रश्न एकट्या लोहारबंधूंचा असता तर आम्ही त्यांस तोंडीच उत्तर देऊन वाटेस लाविले असते. परंतु घाटकोपर, विक्रोळी, भांडूप, मुलुंड, तसेच अंधेरी-बोरिवलीकडील चाळी व झोपड्या यांतून माण, खटाव, खानापूर, आटपाडी, जत, सांगोला अशा कोरड्या मुलखातील हजारो कुटुंबे राहतात. त्यांतील पुष्कळांच्या दारी असला मोटारवाला आज ना उद्या येणार. यास्तव त्याचे उत्तर जाहीरपणे देणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो.

आमचे उत्तर एका वाक्यात असे की, ज्या दिवशी जमिनीस पाणी आले, त्या दिवशी ती विकणे म्हणजे दुभती झालेली म्हैस वासरासकट कसायास देणे होय. भाकड होती तेव्हा आपण पोसली. आता दूध दुसऱ्याने का काढावे? मात्र नुसता उपदेश करणे सोपे असते. आमच्या शेतकरी-कारागीर बांधवांस उपदेश पुष्कळ मिळाले. कारणे कोणी सांगितली नाहीत. सबब आम्ही कारणे सांगतो.

पहिला दाखला आपल्या पायाखालचाच घ्या. आज ज्यास आपण उपनगर म्हणतो तो साष्टीचा प्रांत. कुर्ला, मरोळ, कांजूर, मागाठणे, दहिसर येथे भात पिकत असे. आगरी, कोळी, कुणबी, वारली, ख्रिस्ती शेतकरी येथे नांगर धरीत. १८५० च्या दशकात मुंबई बेटावर पाण्याचा हाहाकार झाला, तेव्हा सरकारचे लक्ष साष्टीच्या डोंगराकडे गेले. १८६० साली विहारचा तलाव झाला, १८७९ साली तुळशीचा झाला, पुढे पवईचा झाला. विहार, तुळशी, पवई ही नावे मुळात गावांची होत, हे किती जणांस ठाऊक आहे? डोंगराचे पाणी अडले, नळातून बेटावर गेले, शहराची तहान भागली. शहराची तहान भागू नये असे कोण म्हणेल? तहानलेल्यास पाणी देणे हा धर्मच होय. परंतु ज्या खोऱ्यातून ते पाणी गेले त्या खोऱ्यातील शेतास त्याचा एक पाटही निघाला नाही. पवईचे पाणी पिण्यास नालायक ठरले, तेव्हा ते पुढे कारखान्यांकडे व गोरेगावच्या आरे वसाहतीकडे वळले. उन्हाळ्यात भाजीचा एक वाफा भिजवावा असे कोणाच्याही मनात आले नाही.

आरे वसाहतीचेही तसेच. १९४९ साली सरकारने शहरातील गुरांचे तबेले बाहेर नेण्याकरिता गोरेगावच्या डोंगराळ भागात तीन हजारांहून अधिक एकर जागा घेतली. १९५१ साली पंडित नेहरूंच्या हस्ते त्या वसाहतीचे उद्घाटन झाले. ओसाड माळावर हिरवा चारा उगवला, हजारो म्हशी सुखाने बांधल्या गेल्या, शहरातील मुलांस दूध मिळाले. सरकारने मनावर घेतले म्हणजे माळाचा मळा होतो, याचे ते उत्तम उदाहरण. ते कबूल न करणे कृतघ्नपणा ठरेल. पण त्याच डोंगरावर पिढ्यान्‌पिढ्या राहणारे वारली व इतर आदिवासी यांचे पाडे आजही आपल्या हक्काच्या कागदासाठी झगडत आहेत. म्हशींचे पुनर्वसन पक्क्या गोठ्यांत झाले. माणसांचे राहून गेले!

आणि ज्यांच्यापाशी कागद होते, त्यांचे काय झाले? १९५० साली व पुन्हा १९५७ साली मुंबईची हद्द वाढत मुलुंड-दहिसरपर्यंत आली. शेताचे भाव चढले. ज्याने त्या वेळी शेत विकले त्याचे पैसे लग्नात, घरात, आजारपणात संपले. ज्याने घेतले त्याच्या नातवाच्या नावाने आज इमारती उभ्या आहेत. विकणारा मूर्ख होता असे आम्ही म्हणत नाही. त्यास गरज होती व पुढे काय होणार हे त्यास कोणी सांगितले नव्हते. घेणाऱ्यास मात्र ठाऊक होते. सारा फरक एवढाच. नकाशा ज्याच्या हाती आधी पडतो, जमीन अखेरीस त्याच्या हाती जाते.

दुसरा दाखला कालव्यांचा. आमच्या देशावर कालवे आज प्रथम येत नाहीत. इंग्रजी अमलात नीरेचा डावा कालवा १८८५ च्या सुमारास सुरू झाला. पुढे गोदावरी व प्रवरा यांवर कालवे झाले. भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पुरे झाले. कालवा आला म्हणजे शेतकरी आपोआप श्रीमंत होईल, असे तेव्हाही सांगण्यात आले होते. प्रत्यक्षात काय घडले? उसाला खत लागते, खतास भांडवल लागते, आणि दुष्काळाने व सावकाराने पिळलेल्या कुणब्यापाशी भांडवल कोठून असणार? १९२० च्या आसपास अहमदनगर, सोलापूर, पुणे या जिल्ह्यांत हजारो एकर जमिनी खासगी साखर कंपन्यांस दीर्घ मुदतीच्या खंडाने देण्यात आल्या. मालक शेतकरी, पण मळा कंपनीचा! खंड म्हणून हाती पडे ती रक्कम चिमूटभर. पुष्कळ ठिकाणी ज्याची जमीन तोच त्या जमिनीवर रोजाने ऊस तोडीत होता. पुढे स्वराज्य आले, १९६१ चा कमाल जमीनधारणेचा कायदा झाला, कंपन्यांच्या जमिनी सरकारने घेतल्या. पण त्या मूळ मालकांकडे न जाता १९६३ साली स्थापन झालेल्या शेती महामंडळाकडे गेल्या. 'खंडकरी शेतकरी' हा शब्द तेव्हापासून महाराष्ट्राच्या कानी आहे. मोर्चे झाले, कज्जे झाले, विधिमंडळात वाद झाले. जमिनी परत मिळू लागल्या त्या २०१२ नंतर! ज्या आजोबाने अंगठा उठविला, त्याच्या नातवाच्या डोक्यावर पांढरे केस आले तेव्हा सात-बारा घरी आला. वाचकहो, एक अंगठा निस्तरण्यास जवळजवळ शंभर वर्षे लागली!

याच काळातील दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर आमचे लिहिणे एकांगी होईल. सासवडचे माळी बांधव. त्यांची स्वतःची जमीन कालव्यावर नव्हती. पण बागाइताची विद्या त्यांच्या हाती होती. ते नीरेच्या व प्रवरेच्या कालव्यांवर गेले, दुसऱ्यांच्या जमिनी खंडाने घेतल्या, ऊस केला, आपसांत भांडवल जमविले आणि १९३० च्या दशकात माळीनगर येथे स्वतःचा साखर कारखाना उभा केला. कोणी शेटजी त्यांच्या पाठीशी नव्हता. यातून दोन धडे निघतात. पाण्याबरोबर विद्या व एकी असली तर शेतकरी कारखानदारही होतो. आणि पाण्याबरोबर त्या दोन्ही नसल्या तर स्वतःच्या बांधावर तो मजूर होतो. पाणी दोघांच्याही दारावरून सारखेच वाहते.

आता हे पाणी आणले कोणी आणि ते कोणाचे, याचाही हिशेब झाला पाहिजे. पाटबंधाऱ्याची गोष्ट निघाली की, आजचे पुढारी आपापल्या नावाचे फलक लावितात. आम्ही आमच्या वाचकांस आठवण देतो की, १८८३ साली महात्मा जोतीरावांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहून पुरा केला, त्यात त्यांनी सरकारास बजाविले होते की, लष्करातील रिकाम्या शिपायांकडून ठिकठिकाणी ताली-बंधारे घालवा, तळी बांधा, पावसाचे पाणी शेतातच मुरेल असे करा. पाटबंधारे खात्याचे कामगार पाणी मोजून देत नाहीत, पट्टी मात्र पुरेपूर घेतात, याबद्दल त्यांनी असूड ओढलाच. आणि प्रत्येक शेतकऱ्यास तोटी बसवून मोजके पाणी द्यावे, अशी सूचनाही केली. त्या वेळी विद्वान म्हणविणाऱ्यांस ती माळ्याची बडबड वाटली असेल. आज आटपाडी तालुक्यात उघड्या पाटाऐवजी जमिनीखालच्या बंद नळांतून पाणी वाटण्याची व्यवस्था झाली आहे, आणि थोर थोर अभियंते तिची वाखाणणी करितात. जोतीरावांची तोटी यावयास सव्वाशेहून अधिक वर्षे लागली, इतकेच!

तोच विचार राजर्षी शाहू छत्रपतींनी करवीर राज्यात कृतीत आणिला. १९०२ साली त्यांनी पाटबंधाऱ्याचे धोरण जाहीर केले, विहिरी व तळी यांची पाहणी करविली आणि भोगावती नदीवर राधानगरीचे धरण हाती घेतले. पहिल्या महायुद्धामुळे सामान महागले, पैसा अपुरा पडला, काम रेंगाळले. महाराज १९२२ साली निवर्तले आणि धरण पुरे झाले ते स्वराज्यानंतर. पण पाया त्यांनी घातला. ज्या राजाने बहुजनांच्या मुलांस वसतिगृहे दिली, त्याच राजाने त्यांच्या बापांच्या शेतास पाणी देण्याचा उद्योग केला. विद्या आणि पाणी ही दोन्ही ज्याच्या घरी नाहीत तो कायमचा दुसऱ्याच्या दारी उभा राहतो, हे त्यांनी ओळखले होते.

आता टेंभूविषयी. कराडजवळ टेंभू येथे कृष्णेचे पाणी अडवून ते पंपांनी टप्प्याटप्प्याने वर चढवायचे आणि सातारा, सांगली, सोलापूर या तीन जिल्ह्यांतील कोरड्या तालुक्यांस द्यावयाचे, अशी ही योजना. तिला १९९६ साली मंजुरी मिळाली. सुमारे ऐंशी हजार हेक्टर जमीन भिजविण्याचा तिचा संकल्प. हे पाणी कोणा मंत्र्याच्या मनात सहज उगवले नाही. १९९३ पासून आटपाडीत दरसाल पाणी परिषदा भरत आल्या; क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी, डॉ. भारत पाटणकर, गणपतराव देशमुख यांच्यासारख्यांच्या मागे तेरा तालुक्यांतील माणसे उन्हातान्हात बसली. त्या परिषदांची मागणी नुसती 'पाणी द्या' अशी नव्हती; 'सर्वांस समान द्या' अशी होती. हे शेवटचे शब्द आमच्या मते अत्यंत महत्त्वाचे आहेत, आणि आज विसरले जाण्याचा धोका आहे तो याच शब्दांस.

कारण नदीचे पाणी आपोआप समान वाहत नाही. ते उतार पाहून वाहते, आणि गावात उतार नेहमी पाटलाच्या मळ्याकडे असतो! कालव्याच्या तोंडाशी जो बसला त्याचा ऊस उभा. शेपटीच्या गावास चारी कोरडी. यास उपाय नाही असे नाही. पुरंदर तालुक्यातील नायगाव येथे १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पाणी पंचायत काढली. तिचे नियम साधे होते: पाणी जमिनीच्या प्रमाणात नव्हे, घरातील माणसांच्या प्रमाणात, माणशी अर्धा एकर, कुटुंबास फार तर अडीच एकर, भूमिहीनालाही हक्क, ऊस नाही, आणि जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जाणार नाही. या शेवटच्या नियमात केवढे शहाणपण आहे! मोटारवाल्याच्या पिशवीवर यापेक्षा जालीम औषध आम्हांस ठाऊक नाही.

दुसरे उदाहरण तर आमच्या मुंबईकर कामकऱ्यांच्या हातचेच. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला आणि हजारो कामकरी गावी परतले. खानापूर तालुक्यात परतलेल्यांस तेथे दुसरा संप दिसला, तो पावसाचा. हातावर हात ठेवून न बसता त्यांनी व गावकऱ्यांनी मुक्ती संघर्ष चळवळीत एकत्र येऊन प्रश्न विचारला की, येरळेची वाळू ठेकेदार उपसून नेतो, मग नदीत पाणी टिकणार कसे? त्यांनी भांडून वाळूचा काही भाग स्वतः विकण्याचा हक्क मिळविला आणि त्या पैशातून, श्रमाने व वर्गणीने तांदुळवाडी-बलवडी येथे धरण बांधिले. त्यास नाव दिले 'बळीराजा स्मृती धरण'. जोतीरावांनी ज्या बळीस बहुजनांचा राजा म्हणून पुन्हा गादीवर बसविले, त्याच्या नावाने! आणि पाण्याची वाटणी ठरविली ती प्रत्येक कुटुंबास सारखी. जमीन असो वा नसो. भांडूपचे आमचे वाचक त्याच तालुक्याचे आहेत. त्यांस नमुना पाहण्यास लांब जावे लागणार नाही.

एवढे सांगितल्यावर ज्यांच्या त्यागाने हे पाणी उभे राहिले त्यांचे स्मरण न करणे हा अपराध होईल. धरण म्हणजे एका गावाच्या उंबऱ्यावरून दुसऱ्या गावाच्या शेतात जाणारे पाणी. १९२१ साली मुळशीच्या मावळ्यांनी सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह केला. धरण थांबले नाही, त्यातून निघालेली वीज मुंबईस आली, आणि नुकसानभरपाईचा मोठा वाटा मावळ्यांच्या झोळीत न पडता ज्यांच्याकडे जमिनी गहाण होत्या त्या सावकारांच्या तिजोरीत गेला. कोयनेचे धरण झाले तेव्हा पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. जावळी-पाटणचे लोक मिळेल तेथे विखुरले, काही येथे उपनगरांत हमाली करू लागले, आणि त्यांच्या पुढच्या पिढ्यांस अजूनही हक्काच्या जमिनीसाठी उपोषणे करावी लागत आहेत. पुढे बाबा आढाव यांच्यासारख्यांनी धरणग्रस्तांस संघटित केले, आणि 'आधी पुनर्वसन, मग धरण' ही घोषणा गावोगाव गेली. १९७६ चा पुनर्वसन कायदा त्या खटपटीचे फळ. त्यानंतर १९८६ व १९९९ साली नवे कायदे झाले. त्यांतील तत्त्व असे की, ज्याच्या शेतास धरणाचे पाणी मिळते त्या मोठ्या जमीनदाराने आपल्या जमिनीतील काही हिस्सा ज्याचे घर बुडाले त्यास द्यावा. याहून न्याय्य तत्त्व कोणत्या शास्त्रात सांगितले आहे ते आम्हांस कोणी दाखवावे!

परंतु व्यवहारात काय घडते? लाभक्षेत्रात धरणग्रस्तांस जमीन दाखविली की गाव उलटतो. 'हे परके, हे डोंगरचे, यांस आमचा बांध का?' अशी भाषा सुरू होते. पाणवठ्यावर, स्मशानात, ग्रामसभेत त्यांस वेगळे धरिले जाते. आमच्या बांधवांनो, अस्पृश्यतेची ही नवी आवृत्ती आपल्याच हातून निघावी काय? ज्याने आपले घर, देऊळ व वाडवडिलांची माती तुमच्या उसासाठी पाण्याखाली घातली, तो परका आणि मोटारीतून आलेला दलाल पाहुणा! हा कोठला न्याय? दलालास साठ एकर विकावयास गाव तयार होतो. धरणग्रस्तास दोन एकर द्यावयाचे म्हटले की गावकीची अब्रू जाते.

याच जोडीला शहापूरचेही नाव घेतो. तानसा १८९२ साली झाले, वैतरणेचे धरण १९५७ साली, मागाहून भातसा. उपनगरांतील आपल्या नळास जे पाणी येते ते या खोऱ्यांतून येते. आणि त्याच शहापूर तालुक्यातील कित्येक पाड्यांवर उन्हाळा लागला की वर्षानुवर्षे टँकरची वाट पाहावी लागते. आपण डोंगरावरच्या वस्तीत पहाटे हंडा घेऊन रांगेत उभे राहतो तेव्हा महापालिकेस शिव्या देतो, आणि त्या देण्याचा आपणांस हक्कही आहे. पण त्याच घटकेस धरणाच्या भिंतीखालची आदिवासी बाईही हंडा घेऊन निघालेली असते, हे ध्यानात ठेवा. तिचे गाऱ्हाणे आणि आपले गाऱ्हाणे एकच आहे.

आता विकणाऱ्याच्या बाजूने जे बोलले जाते त्याचा विचार करू. कोणी म्हणेल, 'संपादक महाराज, तुम्हांस लिहावयास काय जाते? येथे दहा बाय दहाच्या खोलीत सहा माणसे, मुलगी लग्नाची, बाप आजारी. माळाच्या तुकड्याने पोट भरते काय?' हा आक्षेप खोटा नाही. गरजेपुढे शहाणपण चालत नाही, आणि आजारी माणसाच्या औषधासाठी कोणी जमीन विकली तर त्यास बोल लावणारे आम्ही कोण? परंतु आमचा अनुभव असा की, दहांतील आठ विक्र्या औषधासाठी होत नाहीत. त्या होतात मांडवासाठी, मानपानासाठी, दाराशी फटफटी उभी करण्यासाठी, आणि सर्वांत जास्त म्हणजे 'भावाने विकली, मग मी का ठेवू' या ईर्ष्येसाठी. ज्या खोलीची लालूच दाखविली जाते तीही इसाराच्या रकमेत कधी येत नाही. मग उरलेल्या पैशास कर्ज, कर्जास हप्ता, आणि हप्त्यास घरच्या बाईचे गळ्यातले.

कोणी म्हणेल, 'कसणारा कोणी नाही.' यास आमचे उत्तर असे की, गावी भाऊ आहे, चुलता आहे, विधवा वहिनी आहे. त्यांच्याशी वाट्याने ठरवा. पण तोंडी नको, लेखी ठरवा. भावाभावांत कागद कशाला, असे म्हणणारा भाऊच पुढे कोर्टाची पायरी दाखवितो. लेखी करार म्हणजे अविश्वास नव्हे. तो भाऊपणाचा विमा होय.

येथे एक कटू गोष्ट बोलल्याविना राहवत नाही. आमच्या चळवळीने शेटजी-भटजींवर कोरडे ओढले, ते योग्यच होते. पण आज जो मोटारीतून येतो तो नेहमी शेटजीच असतो काय? पुष्कळ वेळा तो आपल्याच आडनावाचा, आपल्याच देवकाचा, आपल्याच फेट्यातला असतो. तो 'आपला माणूस' म्हणून येतो, म्हणूनच अधिक घातक. शोषणास जात नसते. त्याची जात पिशवीत असते. ज्यास आपण मत दिले, ज्याच्या सभेत आपण सतरंज्या उचलल्या, त्यानेच कालव्याचा नकाशा आधी पाहून शेपटीच्या गावात जमिनी घेतल्या, तर त्यास 'बहुजन' म्हणून माफी द्यावी असे सत्यशोधकाने कोठेही सांगितलेले नाही.

म्हणून आम्ही आमच्या वाचकांस पुढील गोष्टी आजच्या आज करावयास सांगतो. पहिली: दिवाळीची वाट न पाहता गावी जाऊन सात-बारा व आठ-अ चे उतारे काढा आणि त्यांवर कोणाचे नाव आहे ते स्वतः वाचा. बाप वारून वीस वर्षे झाली व वारसनोंद नाही, अशी शेकडो घरे आहेत. मेलेल्याच्या नावावरची जमीन जिवंतांस लवकर सोडून जाते. दुसरी: त्या नोंदीत आईचे व बहिणींचे नाव घाला. १९९४ साली महाराष्ट्राने व २००५ साली साऱ्या देशाने मुलीस मुलाइतका हक्क दिला आहे. जमिनीस भाव येताच बहिणीस साडी नेसवून हक्कसोडपत्रावर सही घेण्याची जी चाल पडली आहे, ती सावित्रीबाईंचे नाव घेणाऱ्यांस शोभत नाही. शिवाय ज्या उताऱ्यावर चार नावे असतात तो दलालास चटकन गिळता येत नाही, हा व्यवहारी फायदाही ध्यानात घ्यावा.

तिसरी: २००५ च्या कायद्याने शेतकऱ्यांच्या पाणी वापर संस्थांस पाणी मोजून घेण्याचा व आपसांत वाटण्याचा अधिकार दिला आहे. तुमच्या चारीवर अशी संस्था असेल तर तिचे सभासद व्हा. नसेल तर काढा. सभेस जाऊन पाळीपत्रक मागा. पाणी शेपटीपासून तोंडाकडे द्यावे असा आग्रह धरा. चौथी: पाणीपट्टी बुडवू नका. टेंभूचे पाणी पंपाने चढते, पंपास वीज लागते. विजेच्या खर्चातील ८१ टक्के सरकारने सोसावे व १९ टक्के शेतकऱ्याने, असे ठरले आहे. तेवढेही दिले नाही तर पंप बंद पडतात, आणि पंप बंद पडले म्हणजे तोंडाशी विहीर असलेला बागाइतदार तरतो, तुमची बाजरी वाळते. पाचवी: सगळा उसाच्या मागे लागू नका. माळाची जमीन, कमी पाणी. डाळिंब, शेवगा, भाजी, चारा, ज्वारी यांस थेंबाथेंबाने पाणी पुरते. एका एकर उसाच्या पाण्यात कित्येक एकर धान्य निघते. तो ऊस शेजाऱ्याचे धान्य पिऊनच वाढतो.

सहावी आणि शेवटची गोष्ट गावच्या भूमिहीनांविषयी. मांग, महार, रामोशी, धनगर, कैकाडी, आणि आमच्या लोहारबंधूंसारखे बलुतेदार, ज्यांस बलुते होते पण बांध नव्हता, त्यांचाही या पाण्यात हिस्सा आहे. धरण सरकारी पैशाने झाले. सरकारचा पैसा म्हणजे मीठ-काडी घेणाऱ्या प्रत्येकाचा पैसा. ज्याच्यापाशी जमीन नाही त्याने कर कमी दिला काय? निर्मिकाने पाऊस पाडताना सात-बारा पाहिला नव्हता.

जाता जाता जलपूजनाविषयी दोन शब्द. तलावात पाणी आले की मांडव पडतो, पुरोहित बोलाविले जातात, नारळ, खण, साडीचोळी पाण्यात सोडली जाते, पुढाऱ्यांची छायाचित्रे निघतात. पाण्याचा आनंद करू नये असे आम्ही म्हणत नाही. पिढ्यान्‌पिढ्या कोरड्या विहिरीत डोकावलेल्या म्हातारीच्या डोळ्यांत पाणी यावे हे साहजिक आहे. परंतु ते पाणी मंत्राने चढलेले नाही. ते पंपाने, घामाने आणि बुडालेल्या गावांच्या नुकसानीने चढले आहे. पूजाच करावयाची असेल तर धरणग्रस्त कुटुंबातील एखाद्या वृद्ध माउलीस मानाने बोलावून तिच्या हातून पहिली तोटी उघडवा, आणि मांडवाचा खर्च गावच्या शाळेस द्या. ती खरी सत्यशोधकी पूजा होईल.

भांडूपच्या वाचकांनी आमचे हे सारे म्हणणे ऐकून घेतले. उठताना ते म्हणाले, "बापाने त्या माळावर आयुष्य घातले, पाणी बघायला मात्र राहिला नाही." आम्ही त्यांस म्हटले, "मग तुम्ही बघा. आणि मुलास दाखवा." ते येत्या शनिवारच्या गाडीने गावी जाणार आहेत. आमची इच्छा अशी की, ज्या ज्या घरी हा अंक पोहोचेल त्या त्या घरातून एक तरी माणूस त्यांच्या मागोमाग निघावा.

जमीन सांभाळा, पाणी वाटून घ्या, बुडालेल्यास जागा द्या. सत्यमेव जयते!